दर्या शोधला, दऱ्या सापडल्या: संगणकातल्या मराठी अक्षरांविषयी वाचकांच्या शंका

या वेळी आलेली बरीचशी पत्रं एकाच दुखण्याची आहेत: मराठी मजकूर पडद्यावर नीट दिसतो, पण शोधताना, वर्णक्रमानं लावताना किंवा दुसरीकडे पाठवताना अडतो. उत्तरांत अक्षरांचे युनिकोड क्रमांक (प्रत्येक अक्षराला एक ठरलेला क्रमांक देणारी जागतिक पद्धत म्हणजे युनिकोड) दशमान पद्धतीनं दिले आहेत, कारण एक्सेल आणि गूगल शीट्सच्या सूत्रांत तेच थेट चालतात. युनिकोडच्या तक्त्यांत हे क्रमांक षोडशमान पद्धतीत छापतात. तिथे ऱ चा क्रमांक ०९३१ दिसेल, आपल्या हिशेबात तो २३५३.

प्रश्न: आमच्या वाचनालयाच्या सूचीत ‘दऱ्या’ शोधलं की काही पुस्तकं सापडतात, काही नाही. न सापडलेल्या पुस्तकाचं नाव उघडून पाहिलं तर तिथेही ‘दऱ्या’च लिहिलेलं असतं. सूची तिघांनी मिळून भरली आहे. चूक कोणाची? (ग्रंथपाल, गुहागर)

उत्तर: तिघांपैकी कोणाचीच नाही. त्यांनी वेगवेगळे कळफलक वापरले असणार. संगणक अक्षराचा आकार साठवत नाही, क्रमांक साठवतो, आणि ‘दऱ्या’मधला आडवा अर्धा र लिहायच्या तीन वाटा आहेत. पहिली: ऱ हे स्वतंत्र अक्षर (२३५३) आणि त्याला हलन्त (२३८१). दुसरी: साधा र (२३५२), त्याला नुक्ता म्हणजे अक्षराखालचा ठिपका (२३६४), मग हलन्त. तिसरी: साधा र, हलन्त, आणि त्यामागे झीरो विड्थ जॉइनर नावाचं न दिसणारं चिन्ह (८२०५). त्याला इथे नुसतं ‘जोडक’ म्हणू. तिन्ही वाटांनी फॉन्ट एकच आकार काढतो. तिसरी वाट युनिकोडच्या दुसऱ्या आवृत्तीच्या काळापासून चालत आली आहे आणि जुना मजकूर बिघडू नये म्हणून अजून मान्य आहे.

खात्री करून घ्यायची असेल तर सूची एक्सेलमध्ये उतरवा आणि शेजारच्या रकान्यात ‘लेन’ हे सूत्र लावा. ‘दऱ्या’ पहिल्या वाटेनं लिहिलं असेल तर लांबी ५ येते: द, ऱ, हलन्त, य, काना. दुसऱ्या आणि तिसऱ्या वाटेनं ६ येते. जोडकाचं रूप ‘दर्‍या’ असं या ओळीतही लिहिलं आहे. छापील अंकात दोन्ही सारखीच दिसतील.

दुरुस्ती नेहमी नव्या रकान्यात करा, मूळ रकाना तसाच ठेवा. ‘सबस्टिट्यूट’ सूत्रात शोधायचा मजकूर म्हणून युनिचार २३५२, २३८१ आणि ८२०५ हे तीन ‘अँड’च्या चिन्हानं जोडून द्या, बदली मजकूर म्हणून युनिचार २३५३ आणि २३८१ द्या. मग दुसरं सबस्टिट्यूट: २३५२ आणि २३६४ या जोडीच्या जागी २३५३. युनिचार हे क्रमांकावरून अक्षर देणारं सूत्र एक्सेल २०१३पासून आहे. झालं की पुन्हा ‘लेन’ लावा. जिथे रूप बदललं तिथे दर आडव्या र मागे लांबी एकानं कमी झालेली दिसली पाहिजे.

सूची हातात आहे तोवर आणखी दोन ठिकाणी बघा. एक, ‘दुःख’, ‘अंतःकरण’ अशा शब्दांतला विसर्ग. तो २३०७ हवा, पण पुष्कळ जण रोमन कळफलकावरचा कोलन (५८) टाकतात आणि ‘दु:ख’ होतं. शब्दाच्या मध्ये, दोन्ही बाजूंना देवनागरी अक्षर असेल तर कोलनचा विसर्ग करणं निर्धोक असतं. शब्दाच्या शेवटी मात्र माणसानंच बघावं, कारण ‘अंशत:’मध्ये विसर्ग हवा आणि ‘लेखक:’मध्ये खरोखरच कोलन असतो.

दोन, ‘ॲ’. हे अक्षर (२४१८) युनिकोडच्या ५.१ आवृत्तीत, म्हणजे २००८ साली आलं. त्याआधी लोक अ (२३०९) वर चंद्र (२३७३) ठेवून ‘अॅ’ करत, नाहीतर हिंदीसाठी असलेलं ‘ऍ’ (२३१७) वापरत. संगणकाच्या लेखी ही तीन वेगळी अक्षरं आहेत. सगळीकडे २४१८ करून टाका. राज्य शासनाच्या २००९च्या वर्णमालेतही हाच स्वर आहे.

पुढच्या नोंदींसाठी तिघांनाही इनस्क्रिप्ट कळफलक लावून द्या. शिफ्टसह जे दाबलं की ऱ येतो, डी दाबला की हलन्त, मग य. तीन कळा, आणि जोडकाची भानगडच उरत नाही.

प्रश्न: घरगुती उद्योगांच्या विक्रीसाठी वेबसाइट बनवतो आहे. शोध नीट चालावा म्हणून सगळ्या मजकुराला एनएफसी नॉर्मलायझेशन लावलं आणि अदृश्य चिन्हं काढून टाकली. आता ‘फणसाच्या गऱ्यांचे वेफर्स’ हे ‘गर्यांचे वेफर्स’ असं दिसतं. नॉर्मलायझेशननं शब्द कसा बिघडला? (संगणक शाखेचा विद्यार्थी, रत्नागिरी)

उत्तर: बिघाड नॉर्मलायझेशननं, म्हणजे एकाच अक्षराची वेगवेगळी रूपं एका रूपात आणण्यानं, केलेला नाही, अदृश्य चिन्हं काढण्यानं केला आहे. तुमच्या उत्पादकानं ‘गर्‍यांचे’ हे जोडकानं लिहिलं होतं. जोडक गेला, र आणि हलन्त उरले, आणि त्यांचा नियमाप्रमाणे रफार झाला. इथे चूक निदान डोळ्यांना दिसली. ‘दऱ्या’मधला जोडक काढला तर ‘दर्या’ उरतो: डोंगरातली दरी समुद्रात गेली, तरी शुद्धलेखन तपासणारा कार्यक्रम हू की चू करणार नाही. ‘आचाऱ्याला’ आणि ‘आचार्याला’ यांचंही तेच. एकाला जेवणाची ऑर्डर द्यायची असते, दुसऱ्याला नमस्कार करायचा असतो.

एनएफसी नेमकं काय करतं ते पक्कं लक्षात घ्या. युनिकोडनं ज्या जोड्यांना ‘हे एकच’ असं तक्त्यात लिहून दिलं आहे, तेवढ्याच ते एका रूपात आणतं. र अधिक नुक्ता याचा ते ऱ करतं. नुक्ता आणि हलन्त उलट्या क्रमानं आले असतील तर नुक्ता आधी घेतं, कारण चिन्हांचा आपसातला क्रम ठरवणारा जो क्रमवर्ग असतो, तो नुक्त्याचा ७ आणि हलन्ताचा ९ आहे. ‘ग़ज़ल’मधले ग़ आणि ज़ यांना एकसंध क्रमांकही आहेत (ज़ चा २३९५), पण एनएफसी त्यांना उलट फोडून ज अधिक नुक्ता असंच ठेवतं. ऱ जोडायचा आणि ज़ फोडायचा, ही विसंगती वाटते खरी. क़ पासून य़ पर्यंतची आठ अक्षरं ‘पुन्हा जोडू नयेत’ अशा यादीत आहेत, आणि स्थैर्याच्या हमीमुळे ती यादी आता बदलायची नाही. तुमच्या कोडमध्ये ज़ ची तुलना २३९५शी केली असेल तर एनएफसीनंतर ती कधीच जुळणार नाही.

एनएफसी काय करत नाही, ते जास्त महत्त्वाचं. जोडक असलेला र आणि ऱ यांना ते एक मानत नाही. अॅ आणि ॲ वेगळेच राहतात. अ अधिक काना यांचा आ होत नाही. कोलनचा विसर्ग होत नाही, आणि देवनागरी अंकांचे रोमन अंक होत नाहीत. अनुस्वार आणि मात्रा उलट्या टाइप झाल्या तरी तो क्रम तसाच राहतो, कारण दोघांचाही क्रमवर्ग शून्य आहे. ‘वेंगुर्ले’ लिहिताना व, अनुस्वार, मात्रा असा क्रम पडला तर तो वेगळाच शब्द ठरतो. यातलं काहीही एनएफकेसी हा नॉर्मलायझेशनचा जास्त सढळ प्रकार लावूनही सुटत नाही. त्यातलंच केसफोल्ड (रोमन मोठी-लहान अक्षरं एक मानणं) जोडलेलं रूप तर जोडक आपणहून काढून टाकतं, म्हणून मराठीवर ते थेट चालवू नका.

क्रम असा ठेवा. आधी र, हलन्त, जोडक यांच्या जागी ऱ आणि हलन्त. त्यातही एक अट घाला: त्या र च्या लगेच आधी हलन्त नसावा. नाहीतर ‘त्र’ सारख्या जोडाक्षरातला र उगाच ऱ होईल. मग एनएफसी, पायथॉनमध्ये युनिकोडडेटा मॉड्यूलमधलं नॉर्मलाइझ हे काम करतं. मग अॅ आणि ऍ यांचा ॲ. सगळ्यात शेवटी उरलेले जोडक (८२०५) आणि त्याचा भाऊ, झीरो विड्थ नॉन-जॉइनर (८२०४), काढा. हे शेवटचं पाऊल फक्त शोधासाठी बनवलेल्या प्रतीवर. गिऱ्हाइकाला दाखवायचा मजकूर उत्पादकानं लिहिला तसाच राहू दे. गिऱ्हाईक शोधाच्या चौकटीत जे टाइप करेल त्यालाही हीच सगळी पावलं याच क्रमानं लावा. एका बाजूला लावली आणि दुसऱ्या बाजूला विसरलात तर पहिल्यापेक्षा कमी सापडेल.

प्रश्न: हापूसच्या गिऱ्हाइकांची यादी सीएसव्ही फाइलमध्ये असते. मुलानं पाठवलेली फाइल एक्सेलमध्ये उघडली तर नावांच्या जागी विचित्र रोमन अक्षरं. मी स्वतः सेव्ह केलेल्या फाइलमध्ये तर नुसती प्रश्नचिन्हं. नावं परत मिळतील का? (आंबा बागायतदार, देवगड)

उत्तर: पहिल्या फाइलमधली मिळतील, दुसऱ्या फाइलमधली नाही. दोन्ही दुखणी दिसायला जवळची, पण मुळात वेगळी आहेत.

मुलाची फाइल यूटीएफ-८ या साठवण्याच्या पद्धतीतली आहे. त्या पद्धतीत देवनागरीचं प्रत्येक चिन्ह तीन बाइटांत बसतं. ‘म’ म्हणजे २२४, १६४, १७४. एक्सेलनं फाइल जुन्या पाश्चात्त्य संकेतानुसार वाचली, म्हणून २२४चा डोक्यावर तिरकी रेघ असलेला रोमन ए झाला, १६४चं चार काट्यांचं गोल चलनचिन्ह आणि १७४चा वर्तुळातला आर. देवनागरीच्या प्रत्येक चिन्हाचा पहिला बाइट २२४च असतो. त्यामुळे दर तिसऱ्या जागी तोच रेघवाला ए दिसला की समजावं, माल शाबूत आहे, वाचायची पद्धत तेवढी चुकली. अशा वेळी फाइल सेव्ह न करता बंद करा. कोरी वही उघडून डेटा टॅबमधून ‘फ्रॉम टेक्स्ट/सीएसव्ही’ घ्या, फाइल निवडा, ‘फाइल ओरिजिन’मध्ये ६५००१ युनिकोड यूटीएफ-८ करा, खाली नावं नीट दिसली की लोड करा.

प्रश्नचिन्हांचं कारण सेव्ह करण्यात आहे. एक्सेलच्या साध्या ‘सीएसव्ही’ प्रकारात देवनागरीला जागा नव्हती, म्हणून त्यानं प्रत्येक चिन्हाऐवजी खरोखरचं प्रश्नचिन्ह, म्हणजे ६३ हा क्रमांक, फाइलमध्ये लिहिला. मूळ अक्षर आता तिथे नाहीच. जुनी प्रत, ईमेलला जोडलेली फाइल, पेटीवर चिकटवलेल्या पत्त्यांची छपाई, जे असेल त्यावरून पुन्हा भरावं लागेल. यापुढे ‘सीएसव्ही यूटीएफ-८’ हाच प्रकार निवडा. त्यात एक्सेल फाइलच्या सुरुवातीला तीन बाइटांची खूण ठेवतं, आणि पुढच्या वेळी दुहेरी क्लिक केलं तरी फाइल बरोबर उघडते.

प्रश्न: मंडळाचे जुने वार्षिक अंक कृतीदेव फॉन्टमध्ये आहेत. रूपांतर करणारा कार्यक्रम वापरला तर ‘मालवण’चं ‘मालवण्ा’ झालं आणि ‘सिंधुदुर्ग’चा रफार भलतीकडेच गेला. हाती सुधारायचं तर वर्ष जाईल. (मंडळाचे चिटणीस, मालवण)

उत्तर: कृतीदेवमध्ये मराठी अक्षरं साठवलेलीच नसतात. रोमन अक्षरं साठवलेली असतात आणि फॉन्ट त्यांच्या जागी देवनागरी आकाराचे तुकडे काढतो. ‘मालवण’ म्हणजे तिथे ई, के, वाय, ओ, टिंब, के. ई म्हणजे म, के म्हणजे काना, वाय ल, ओ व. शेवटचं टिंब म्हणजे अर्धा ण् आणि त्यापुढचा के म्हणजे तोच काना, जो इथे ण चा उभा दंड म्हणून वापरला आहे. तुमच्या कार्यक्रमानं आधी सगळ्या के चे काने केले आणि मग टिंबाचा ण् केला, म्हणून ‘ण्ा’ उरलं. उपाय म्हणजे बदलांच्या यादीचा क्रम: लांब जोड्या आधी, सुटी अक्षरं नंतर. ण, ख, थ, ध, भ, श, क्ष ही अक्षरं कृतीदेवमध्ये अशीच अर्धा आकार अधिक काना मिळून होतात. ती सगळी उरकल्यावरच सुट्या कान्याला हात लावायचा.

‘सिंधुदुर्ग’ घ्या. कृतीदेवमध्ये तुकडे डोळ्यांना दिसतात त्या क्रमानं येतात: आधी पहिली वेलांटी, मग स, अनुस्वार, ध, उकार, द, उकार, ग, आणि शेवटी रफार. युनिकोडमध्ये क्रम उच्चाराचा असतो: स, वेलांटी, अनुस्वार, ध, उकार, द, उकार, र, हलन्त, ग. म्हणजे अक्षरं बदलून झाल्यावर दोन हलवाहलवी कराव्या लागतात. वेलांटी तिच्या पुढच्या एका अक्षरामागे नव्हे, तर अख्ख्या जोडाक्षरामागे न्यायची. ‘स्थिती’मध्ये ती स् आणि थ दोन्ही ओलांडते. रफार उलट दिशेनं, जोडाक्षराच्या आणि त्याच्या मात्रेच्याही आधी न्यायचा. ‘मूर्ती’त तो त आणि दीर्घ वेलांटी ओलांडून मागे येतो. तुमचा कार्यक्रम बहुधा एकच अक्षर ओलांडून थांबतो.

पहिल्याच फटक्यात सगळे अंक घालू नका. एक पान तयार करा: सिंधुदुर्ग, रत्नागिरी, मालवण, स्थिती, मूर्ती, क्षेत्र, किनाऱ्यावर, श्रीफळ. हे शब्द शुद्ध आले तरच पुढे जा. रूपांतरानंतर चार गोष्टी शोधा: मात्रेनं सुरू होणारा शब्द, हलन्तापाठोपाठ काना किंवा मात्रा, एकाच अक्षरावर दोन वेलांट्या, आणि ठिपक्यांचं रिकामं वर्तुळ. चुका याच ठिकाणी गोळा झालेल्या असतात, म्हणून अख्खं पान वाचत बसावं लागत नाही. मजकुराच्या मध्ये इंग्रजी नावं किंवा पत्ते असतील तर त्यांचा फॉन्ट पाहून ती आधी बाजूला काढा, नाहीतर त्यांचंही ‘देवनागरी’ होईल. श्रीलिपीतले अंक असतील तर ही यादी चालणार नाही; त्या फॉन्टचा नकाशा वेगळा आहे.

प्रश्न: मच्छीमार संस्थेतून सभासदांना मराठी एसएमएस पाठवतो. छोट्याशा संदेशाचेही दोन-दोन संदेश धरले जातात. असं का? (संस्थेचा लेखनिक, हर्णे)

उत्तर: एका एसएमएसमध्ये १४० बाइट मावतात. साधा रोमन मजकूर सात बिटांच्या संकेतात बसतो, म्हणून १६० अक्षरं जातात. सेवा देणाऱ्या यंत्रणा देवनागरीसाठी सहसा दोन बाइटांचा संकेत वापरतात, मग ७०च उरतात. संदेश त्याहून मोठा झाला की जोडणीची माहिती प्रत्येक भागात जाते आणि भागागणिक ६७ राहतात. ही मोजणी डोळ्यांना दिसणाऱ्या अक्षरांची नव्हे, चिन्हांची असते. ‘उद्या वादळी वाऱ्याचा इशारा, होड्या किनाऱ्याला लावा’ यात वाचताना १९ अक्षरं आहेत, पण चिन्हं स्वल्पविराम आणि मोकळ्या जागा धरून ५०. दोन्ही आडवे र जोडकानं लिहिले तर ५२. शेवटी लाटेचा इमोजी टाकलात तर तो आणखी दोन खातो. संदेश रोमनमध्ये असला तरी त्यात एकच देवनागरी अक्षर शिरलं की अख्खा संदेश ७०च्या हिशेबात जातो.

प्रश्न: गावांची यादी वर्णक्रमानं लावली तर मळगाव मसुऱ्याच्या आधी येतं. (शिक्षिका, सावंतवाडी)

उत्तर: तुमचं सॉफ्टवेअर नुसत्या क्रमांकांवरून यादी लावतं आहे. ळ चा क्रमांक २३५५, ल आणि व यांच्या मध्ये. आपल्या वर्णमालेत मात्र ळ हा ह नंतर येतो. म्हणून मसुरे आधी हवं. याच कारणानं ॲ पासून सुरू होणारी नावं थेट ह च्याही खाली जातात. लिब्रेऑफिस कॅल्कमध्ये सॉर्टच्या पर्यायांत भाषा म्हणून मराठी निवडता येते. कार्यक्रम स्वतः लिहिला असेल तर आयसीयू या युनिकोडच्या लायब्ररीचा मराठी लोकेल (भाषेचे नियम) लावा. लावल्यावर मसुरे आणि मळगाव याच दोन नावांनी परीक्षा घ्या.

प्रश्न: घरात मोडी कागद आहेत. त्यांची नोंद मोडी लिपीतच संगणकावर ठेवता येईल का? डेटाबेस मोडी अक्षर घेतच नाही. (वाचक, राजापूर)

उत्तर: येईल. मोडीला युनिकोडच्या ७.० आवृत्तीत, २०१४ साली, ९६ जागांचा स्वतंत्र गट मिळाला आहे, आणि नोटो सॅन्स मोडी हा फॉन्ट फुकट मिळतो. हा गट पहिल्या ६५,५३६ क्रमांकांच्या पलीकडे आहे, म्हणून यूटीएफ-८मध्ये दर चिन्हाला चार बाइट लागतात. तुमचा डेटाबेस मायएसक्यूएल असेल तर त्यातला ‘यूटीएफ८’ नावाचा जुना प्रकार तीनच बाइट घेतो. देवनागरी त्यात बसते, मोडी नाही. रकाना आणि डेटाबेसशी होणारी जोडणी दोन्ही ‘यूटीएफ८एमबी४’ करा. नुसता रकाना बदलून भागत नाही. देवनागरीच्याच क्रमांकांवर मोडीचे आकार चढवलेले फॉन्टही मिळतात; ते नोंदीसाठी नकोत, कारण फॉन्ट काढला की तो मजकूर देवनागरीच ठरतो. शिवाय देवनागरी लिप्यंतराला वेगळा रकाना ठेवा. मोडी लिहिताना ऱ्हस्व-दीर्घाचा भेद सहसा पाळत नसत, तेव्हा कागदावर आहे तसं मोडीच्या रकान्यात, आणि आजच्या लेखनाप्रमाणे शोधायचं ते देवनागरीच्या रकान्यात.